हौशी कुस्तीगीर : हौस कोणाची, खुराक कोणाचा?

नाशिकरोडच्या आमच्या छोट्या अभ्यासमंडळात मध्यंतरी एका विद्यार्थ्याने खाशाबा जाधवांवर निबंध वाचला. कराडजवळच्या गोळेश्वरचा हा मल्ल. १९५२ साली हेलसिंकीला ५७ किलो गटात कांस्यपदक जिंकले आणि स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिम्पिक पदक त्यांच्या नावावर लागले. निबंध मेहनतीने लिहिलेला होता. पण त्यातील दोन वाक्यांपाशी मी अडलो. एक, 'खाशाबा हे हौशी कुस्तीगीर होते.' दुसरे, 'लाल मातीत जात नसते.' ही दोन्ही वाक्ये त्या मुलाची नव्हेत. कुस्तीवर मराठीत जे गौरवपर लेखन होते, रविवारच्या पुरवण्यांतून, स्मरणिकांतून, सत्काराच्या भाषणांतून, तेथून ती त्याच्या वहीत उतरली आहेत. म्हणून माझा वाद त्या मुलाशी नाही. या लेखनाशी आहे.

आधी मातीचे पाहू. मी दारणाकाठच्या एका खेड्यात वाढलो. गावच्या तालमीच्या हौद्यासाठी माती आणणे, ती चाळणे हे काम आमच्या वस्तीतली पोरे करीत. मीही पाट्या वाहिल्या आहेत. माती हौद्यात पडेपर्यंत आमचा हात चाले. मग तिच्यात हळद, तेल, ताक, लिंबू पडे, कोनाड्यातल्या मारुतीला नारळ फुटे, आणि त्या क्षणापासून ती माती आमच्यासाठी परकी होई. आम्ही दाराबाहेर उभे राहून जोर-बैठका मोजायचो. यात कोणी आम्हांला शिव्या दिल्या असे नाही. तशी गरजच नव्हती. तालीम हे व्यायामाचे ठिकाण आहे तसे ते देऊळही आहे, आणि देवळाचा उंबरठा कसा असतो हे आम्हांला कोणी शिकवावे लागत नव्हते. मातीला जात नसेल, पण हौद्याला दार असते, आणि मराठी लेखक मातीचा वास घेतो तेव्हा त्या दाराकडे त्याची पाठ असते.

दुसरे उदाहरण हलगीचे. कुस्तीच्या फडाचे वर्णन करणाऱ्या लेखकाला हलगी लागतेच. ती कडाडते, तिच्या ठेक्यावर पैलवानाच्या मांड्या थरथरतात, शड्डू घुमतो. आता हे लेखन वाचताना एवढेच शोधावे की हलगी वाजवणाऱ्याचे नाव कोठे येते का. तो कोठून आला, दिवसभर उन्हात वाजवून संध्याकाळी त्याला काय मिळाले, त्याचा पोरगा तालमीत जातो का? कातडे वाजते, माणूस दिसत नाही. फडात दलित नव्हता असे नाही, तो ऐकू येत होता. वर्णनकाराने त्याला माणसांत धरले नाही, एवढेच.

येथे कोणी शाहू महाराजांचे नाव घेईल, आणि ते घ्यायलाच हवे. कोल्हापूरचे खासबाग मैदान १९१२ चे. कुस्तीला एवढा आश्रय देणाऱ्या या राजाने अस्पृश्य मल्लांनाही पुढे आणले. त्यांच्या चरित्रांतून सांगितले जाते की चांभार पैलवानाला 'सरदार', भंगी पैलवानाला 'पंडित' अशी नवी नावे त्यांनी दिली. राजाचे मन मोठे होते यात शंका नाही. पण या गोष्टीची दुसरी बाजू आमच्या समीक्षकांनी वाचलेली नाही. खुद्द छत्रपतीला आपला मल्ल आखाड्यात उतरवायचा तर आधी त्याची जात झाकावी लागे. म्हणजे मातीत जात होती. इतकी होती की राजाज्ञेलाही तिच्यावर नावाचे पांघरूण घालावे लागले.

आता 'हौशी' हा शब्द. इंग्रजीतल्या 'अमॅच्युअर'ला आपण हा प्रतिशब्द दिला, आणि त्याबरोबर त्या शब्दाचे पोटही आयात केले. १८७९ साली इंग्लंडमध्ये हेन्लीच्या नौकास्पर्धेच्या चालकांनी हौशी खेळाडूची व्याख्या केली. तीत कारागीर, यंत्रकामगार आणि मजूर यांना जागा नव्हती. जो हाताने काम करून पोट भरतो तो हौशी नव्हे! मनूचा ग्रंथ न वाचताही साहेबाला हे सुचले. पुढे ऑलिम्पिकमध्ये ही व्याख्या पैशाच्या रूपाने आली. १९१२ साली स्टॉकहोम येथे जिम थॉर्प या अमेरिकन आदिवासी खेळाडूने पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन या दोन्ही शर्यतींत सुवर्णपदके मिळवली. त्याने पूर्वी बेसबॉल खेळून किरकोळ पगार घेतला होता असे उघड झाले, आणि १९१३ साली पदके काढून घेतली गेली. थॉर्प १९५३ साली वारला. पदके १९८३ साली त्याच्या वारसांना मिळाली, आणि एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव लागायला २०२२ साल उजाडले.

या उजेडात खाशाबांचा जमाखर्च मांडून पाहावा. १९४८ साली लंडनला जाण्याचा खर्च कोल्हापूरच्या महाराजांनी केला. गादीवरच्या कुस्तीचा सराव नसलेला हा तरुण तेथे सहावा आला. १९५२ च्या वेळी गावातून, दुकानांतून वर्गणी गोळा करावी लागली. राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचे घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. पदक घेऊन परत आल्यावर १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. ही मिरवणूक प्रत्येक लेखात असते. तिच्यानंतरची गोष्ट मात्र एका ओळीत उरकली जाते. खाशाबांनी कुस्त्यांचा फड भरवला, स्वतः लढले, आणि आलेल्या पैशांतून प्राचार्यांचे घर सोडवले.

माझ्या मते त्यांच्या चरित्रातला सर्वांत मोठा प्रसंग हाच आहे, आणि आमचे लेखक त्याला 'कृतज्ञता' म्हणून गुंडाळून ठेवतात. त्याकडे नीट पाहा. हौशीपणाची फी भरण्यासाठी या माणसाला पैशासाठी लढावे लागले. थॉर्पला ज्या कारणाने पदके गमवावी लागली त्याच जातीचे हे कृत्य. कोणा साहेबाच्या लक्षात आले नाही म्हणून बरे. गरीब माणूस हौशी असू शकत नाही. तो फक्त कर्जबाजारी असतो. आणि खाशाबा तर शेतकऱ्याच्या, पैलवान बापाच्या घरात जन्मलेले, हायस्कूल-कॉलेज पाहिलेले. त्यांच्यासाठी घर गहाण टाकणारा प्राचार्य होता. ज्याच्यासाठी गहाण टाकायला कोणाचे घरच नव्हते, त्याचे पदक कोणत्या यादीत शोधायचे?

दूध, तूप, बदाम, थंडाई, अंडी, मटण : पैलवानाचा खुराक म्हणजे वरकड धान्य आणि दारातली म्हैस. बलुत्याच्या भाकरीवर जोर काढता येतात, पैलवान होता येत नाही. कुस्तीवरच्या लेखनात खुराकाची वर्णने रसाळ असतात, हिशेब नसतो.

या बाबतीत गादीची कुस्ती मला मातीच्या कुस्तीपेक्षा अधिक जवळची वाटते. हे म्हटले की जुने वस्ताद रागावतात. पण गादीवर लेखी नियम असतात, गुण असतात, एकापेक्षा अधिक पंच असतात, आणि मुख्य म्हणजे वजनगट असतो. ५७ किलोच्या माणसाशी ५७ किलोचाच माणूस लढेल, हा नियम म्हणजे दुबळ्याला दिलेले संरक्षण आहे. गुणवत्तेचे गाणे गाणाऱ्यांनी राखीव जागांवर बोलण्यापूर्वी वजनगटाचा विचार करावा. नियमालाही दात असतात हे खरे. २०२४ साली पॅरिसमध्ये १०० ग्रॅम वजन जादा भरले म्हणून विनेश फोगाट अंतिम लढतीआधीच बाद झाली. तरीही जो नियम लिहिलेला आहे त्याच्याशी भांडता येते. पाटलाच्या मर्जीशी भांडता येत नाही.

आमची मराठी मूल्यव्यवस्था मात्र अजून वजनालाच भुलते. १९६१ पासून 'महाराष्ट्र केसरी' ही आपल्याकडची सर्वांत मानाची गदा. जानेवारी २०२० मध्ये ती नाशिकच्या हर्षवर्धन सदगीरने जिंकली. पुण्यात काका पवारांच्या एकाच तालमीतले दोन मित्र अंतिम फेरीत समोरासमोर आले. लातूरच्या शैलेश शेळकेला ३-२ ने हरवून सदगीरने त्याला खांद्यावर उचलून घेतले. आम्ही नाशिककर त्या दिवशी सुखावलो, मीही. पण अलीकडे या किताबाच्या गटाची मर्यादा ८६ ते १२५ किलो अशी राहिली आहे. म्हणजे ज्याच्या नावाने आपण ऊर बडवतो तो ५७ किलोचा खाशाबा या गदेच्या लढतीत उभाच राहू शकला नसता.

अमेरिकेतल्या काळ्या मल्लांकडे पाहिले की हाच मुद्दा वेगळ्या बाजूने दिसतो. लॉइड कीझर १९७३ साली जगज्जेता झाला आणि ली केम्पने १९७८, १९७९ आणि १९८२ असे तीनदा हे पद मिळवले. कुस्तीतले ऑलिम्पिक सुवर्ण काळ्या अमेरिकन मल्लाला प्रथम मिळाले ते १९८८ साली सोलला, केनी मंडेला. हा टल्सा शहराचा, जेथे १९२१ साली काळ्यांची भरभराटलेली वस्ती जाळून टाकण्यात आली. आणि क्यूबाचा मिहाइन लोपेझ २००८ ते २०२४ सलग पाच सुवर्णपदके घेऊन गेला. कोठे शाळा-कॉलेजांतून तर कोठे सरकारी क्रीडाशाळांतून ही माणसे आली. त्यांच्या अंगातले बळ नवे नव्हते. त्यांना दार मिळाले.

मराठी साहित्याने दोन शरीरे रंगवली आहेत. ग्रामीण कथेतले पैलवानाचे शरीर, तेल लावलेले, दुधावर पोसलेले. आणि दलित कथेतले मार खाणारे शरीर. बाबुराव बागूल आमच्या विहितगावचे. त्यांच्या १९६३ च्या 'जेव्हा मी जात चोरली होती' या कथेतला तरुण कष्टाने कमी नाही, पण जात उघडी पडताच त्याच्या शरीराचे काय होते हे वाचकांना माहीत आहे. या दोन शरीरांची गाठ कोणी घालून दिली नाही. अपवाद अण्णा भाऊंचा. त्यांचा फकिरा बलदंड आहे, आणि त्याचे बळ दुष्काळात धान्य लुटून वस्तीच्या तोंडी घालण्यात खर्च होते. खुराक आणि बळ यांचा संबंध एवढा सरळ त्या काळी दुसऱ्या कोणी मांडल्याचे माझ्या वाचनात नाही.

मी त्या विद्यार्थ्याला काळाराम मंदिराच्या सत्याग्रहाचा एक प्रसंग सांगितला. सत्याग्रह २ मार्च १९३० ला सुरू झाला. ९ एप्रिलला रामाची रथयात्रा. रथ कोणी ओढायचा यावर तडजोड झाली : दोन्ही बाजूंची बलदंड माणसे मिळून ओढतील. बाबासाहेब आपली निवडलेली माणसे घेऊन दरवाजापाशी उभे राहिले. त्या माणसांचा हात रथाला लागण्यापूर्वीच गलका उठवला गेला आणि सवर्णांनी रथ पळवून नेला. मग दगड आले. त्या दिवशी नाशिकमध्ये बळाची परीक्षा ठरली होती, आणि ज्यांना आपल्या मातीचा एवढा अभिमान त्यांनी ती होऊ दिली नाही.

तो मुलगा म्हणाला, "सर, ती निवडलेली माणसं कोण होती?" मला सांगता आले नाही. दादासाहेब गायकवाडांचे नाव सर्वांना ठाऊक आहे, पण रथाला हात घालण्यासाठी जे उभे राहिले ते कोणत्या वस्तीतले, काय खाऊन एवढे झाले होते, कोठे जोर काढीत होते? नाशिक, देवळाली, दिंडोरी, निफाड या बाजूच्या वाचकांपैकी कोणाच्या घरी आजोबा-पणजोबांची अशी आठवण, एखादा फोटो, एखादे पत्र असेल तर त्यांनी ते त्रैमासिकाच्या पत्त्यावर कळवावे. मुलाचा निबंध अजून पुरा व्हायचा आहे.