प्रभाव, अनुकरण आणि वास्तू : देसाऊ ते कानपूर
'प्रभाव' ही संज्ञा मराठी समीक्षेत पुष्कळदा अनुकरणाच्या आरोपासारखी योजली जाते. तिची मर्यादा अच्युत कानविंदे यांच्या वास्तुरचनेत स्पष्ट होते. कोकणातील आचरे येथे १९१६ मध्ये जन्मलेले कानविंदे मुंबईच्या जे. जे. मधील शिक्षणानंतर हार्वर्डमध्ये वॉल्टर ग्रोपिअस यांचे विद्यार्थी झाले. ग्रोपिअस यांनी १९१९ मध्ये वायमार येथे स्थापिलेले बाउहाउस नाझी दडपणाखाली १९३३ मध्ये बंद पडले होते. तत्पूर्वीच, १९३२ च्या न्यूयॉर्क येथील प्रदर्शनाने युरोपीय आधुनिक वास्तुकलेवर 'आंतरराष्ट्रीय शैली' असा शिक्का मारला आणि एका विचारपद्धतीला साच्याचे रूप आले.

ग्रोपिअस यांच्या देसाऊ येथील इमारतीत (१९२६) दोन विभागांना जोडणाऱ्या पुलात कार्यालये आहेत. कार्यशाळेची भिंत सलग काचेची आहे. कानपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत कानविंदे यांनीही इमारती उंचावरील मार्गांनी जोडल्या. परंतु हे मार्ग उन्हात पायी चालणाऱ्यांसाठी आहेत, आणि काचेच्या जागी उघडी वीट व काँक्रीट आहे. परकीय आकृतिबंध येथे स्थानिक हवामानाच्या कसोटीला उतरला आहे. 'देशी की परकीय' हा द्वैती निकष अशा कृतीपुढे अपुरा ठरतो. साहित्यातील प्रभावाची चिकित्साही साम्यस्थळांच्या नोंदीपाशी थांबली, तर कृतीचे स्वत्व तिच्या हाती लागणार नाही.