निवडणूककायद्याचीं संदर्भपुस्तकें : वाशीमचा एक पाठभेद

वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. येथें सांपडलेल्या दुसऱ्या विंध्यशक्तीच्या ताम्रपटांत वंशावळ संस्कृतांत व दानाचा भाग प्राकृतांत आहे. अक्षर तांब्यावर कोरलेलें असल्यामुळें त्याविषयीं वाद पडला तरी तो वाचनाचा. निवडणूककायद्याचें तसें नाहीं. न्यायालयाच्या निर्णयानें त्याचा अर्थ बदलतो आणि छापील अक्षर जसेंच्या तसें राहतें. हा भेद वाचकास दाखविणें हेंच संदर्भग्रंथाचें काम होय.

उदाहरण घरचेंच घेतों. जिल्हा परिषद व पंचायत समिति अधिनियम, १९६१, कलम १२ (२) (क) अन्वयें नागरिकांच्या मागास प्रवर्गासाठीं सत्तावीस टक्के जागा राखावयाच्या, असा निश्चित विधि होता. विकास किशनराव गवळी विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणीं सर्वोच्च न्यायालयानें ४ मार्च २०२१ रोजीं तो संकोचून वाचला: सत्तावीस टक्क्यांपर्यंत राखतां येतील, परंतु सर्व आरक्षण मिळून निम्म्याहून अधिक होतां नये. विध्यर्थाची जागा अनुज्ञेनें घेतली. आधार होता कृष्णमूर्ति प्रकरणींच्या २०१० च्या घटनापीठाच्या निर्णयाचा. परिणाम असा कीं जानेवारी २०२० मध्यें निवडून आलेल्या वाशीम जिल्हा परिषदेच्या चौदा सदस्यांचीं पदें गेलीं, व ५ ऑक्टोबर २०२१ रोजीं त्या जागांसाठीं पुन्हां मतदान झालें. एवढें सारें एका क्रियापदापायीं!

तिसरा पाठ पुढेंच आहे. सप्टेंबर २०२१ च्या अध्यादेशानें ‘पर्यंत’ हा शब्द कायद्यांतच घातला. त्यानुसार राखलेल्या जागांच्या निवडणुकीस ६ डिसेंबर २०२१ रोजीं न्यायालयानें स्थगिति दिली. एकाच वर्षांत एका वाक्याचीं तीन रूपें! हस्तलिखितांचे संपादक असा प्रसंग आला असतां प्रत्येक पाठ तिथीसह टिपतात.

आमच्या हातीं आलेल्या एका टीकाग्रंथांत (नांव सांगण्याचें प्रयोजन नाहीं) मूळ कलम जुनेंच छापून निर्णयाचा उल्लेख शेंकडों पृष्ठांपलीकडील परिशिष्टांत, तोहि तारखेवांचून, केला आहे. कलम उघडून पाहणाऱ्या उमेदवारास तो दिसणार नाहीं. निर्णयांची वर्णानुक्रम यादी देऊन ग्रंथकार मोकळा होतो. कोणत्या निर्णयानें कोणता शब्द हलला हें सांगत नाहीं. आमच्या मतें ही आळसाची परिसीमा आहे. रमादेवी व मेंदीरत्ता यांचा इंग्रजी ग्रंथ याहून पुष्कळ उजवा, कारण त्यांत नियम व व्यवहार जोडून दाखविले आहेत. परंतु त्याचा मुख्य विषय लोकसभा व विधानसभा. जिल्हा परिषदेच्या वाचकानें त्यावर सर्वस्वी विसंबूं नये.

संग्राहकांनीं निवडणूक आयोगाच्या निर्णयसंग्रहाचे जुने खंड मात्र अवश्य मिळवावे. १९६६ च्या दुरुस्तीपूर्वीं निवडणूक अर्ज न्यायाधिकरणांपुढें चालत, आणि त्या निर्णयांत गांवोगांवचा व्यवहार नोंदला गेला आहे. वाशीम जेव्हां नागपूर-राजधानीच्या मध्यप्रदेशांत होतें त्या काळचें हरि विष्णु कामत यांचें होशंगाबादचें प्रकरण प्रसिद्धच आहे. विहित खूण नसलेल्या ३०१ मतपत्रिकांचा तो वाद. त्या नाकारण्याचा नियम बंधनकारकच, असें सर्वोच्च न्यायालयानें डिसेंबर १९५४ मध्यें ठरविलें. तेथेंहि प्रश्न विध्यर्थाचाच होता. उत्तर मात्र वाशीमच्या उलट.

वर सांगितलेला टीकाग्रंथ एका वृद्ध वकील-स्नेह्यांच्या संग्रहांतला. कलम १२ च्या समासांत त्यांनीं शिसपेन्सिलीनें ‘४-३-२१, पर्यंत वाचावें’ असें लिहिलें आहे. छापील मजकुराहून ही ओळच आम्हांस अधिक उपयोगी पडली. खालीं अध्यादेशाचीहि नोंद आहे. बांठिया आयोगाचा अहवाल मान्य करणारा २० जुलै २०२२ चा आदेश मात्र समासांत मावला नाहीं, म्हणून त्यांनीं तो एका चिठ्ठीवर लिहून पानास टांचला आहे. ६ मे २०२५ च्या आदेशासाठीं दुसरी चिठ्ठी आम्हीं लावली.