भास्कर चंदावरकर यांचे चित्रपटसंगीत : एक पुनर्विचार

भास्कर चंदावरकर (१९३६-२००९) यांचे नाव मराठी समीक्षेत प्रामुख्याने एका नाटकाशी जोडले गेले आहे. १६ डिसेंबर १९७२ रोजी सदाशिव पेठेतील भरत नाट्य मंदिरात ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग झाला. कीर्तन, अभंग, लावणी या परिचित प्रकारांना त्यांनी त्यात जे उपरोधाचे धारदार रूप दिले, त्याची चर्चा विपुल झाली. त्या मानाने त्यांचे चित्रपटसंगीत उपेक्षित राहिले. प्रस्तुत लेखकाच्या मते याचे कारण त्यांच्या निर्मितीत नसून आपल्या समीक्षेच्या मोजपट्टीत आहे. चित्रपटसंगीतकार म्हणजे चाली देणारा, अशी ती मोजपट्टी. पार्श्वसंगीत तिच्यात मावतच नाही.

पं. रविशंकर यांच्याकडे सतारीची तालीम घेतलेल्या चंदावरकरांनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये सुमारे पंधरा वर्षे संगीताचे अध्यापन केले. भावी दिग्दर्शकांना संगीत शिकवायचे तर राग आणि ताल यांच्या पलीकडे जाऊन दृश्य, संवाद आणि नैसर्गिक ध्वनी यांच्याशी स्वराचे नाते तपासावे लागते. ही दृष्टी ‘वंशवृक्ष’ (१९७१), ‘मायादर्पण’ (१९७२), ‘ओंदानोंदु कालदल्लि’ (१९७८) अशा कन्नड-हिंदी चित्रपटांतून दिसते. ‘मायादर्पण’मध्ये त्यांचा संयम क्वचित कोरडेपणाकडे झुकतो, हेही नमूद करावयास हवे.

‘सामना’ (१९७५) या दृष्टीने विशेष अभ्यसनीय आहे. जगदीश खेबुडकर यांचे लता मंगेशकर यांनी गायलेले गीत आणि आरती प्रभूंचे रवींद्र साठे यांच्या आवाजातील गीत, ही दोन्ही याच चित्रपटातली. पहिले रूढ चित्रपटगीताच्या सौंदर्यकल्पनेत सहज सामावते. दुसऱ्याची चाल मात्र कवितेच्या बोलण्याच्या लयीला धरून चालते. ते ऐकताना गाणे ऐकल्यापेक्षा कुणी आपल्याला जाब विचारत असल्याचा भास अधिक होतो. तेंडुलकरांच्या पटकथेतील सत्तेविषयीचा प्रश्न येथे संगीताने उचलला आहे, असे म्हणता येईल.

मृणाल सेन यांच्या ‘खंडहर’मध्ये (१९८४) तर गाण्याचा आधारही नाही. पडक्या वाड्यातील प्रतीक्षेवर करुणरसाचा लेप चढवण्याचा मोह तेथे सहज झाला असता. चंदावरकर तो टाळतात. स्वर मोजकेच येतात आणि शांततेला जागा देऊन मागे सरतात. चिनी संगीतकार चाओ जीफिंग यांच्या ‘रेड सॉरगम’शी (१९८७) याची तुलना उद्बोधक ठरेल. तेथे डोलीच्या प्रसंगात सुओना हे लोकवाद्य आणि ढोल पडदा व्यापून टाकतात. देशी ध्वनीचे हे उघड वैभव चंदावरकरांना परके नव्हते. ‘घाशीराम’ हा त्याचा पुरावा आहे. चित्रपटात त्यांनी ते जाणीवपूर्वक आवरले.

या आवरण्याची किंमत त्यांना स्मरणाच्या रूपाने मोजावी लागली. गाणी तबकड्यांवर आणि आकाशवाणीवर टिकतात. पार्श्वसंगीत चित्रपटाच्या प्रतीबरोबरच जगते किंवा नष्ट होते. ‘खंडहर’ची पुनरुज्जीवित प्रत २०१० साली कान महोत्सवात दाखवली गेली, तेव्हा चंदावरकरांना जाऊन वर्ष होत आले होते. ‘श्वास’ (२००४) त्यांच्या अखेरच्या कामांपैकी एक. दृष्टी गमावणार असलेल्या मुलाच्या या कथेत प्रेक्षकाने काय ऐकावे, हा प्रश्न काय पाहावे याइतकाच महत्त्वाचा होता. त्या अंगाने ‘श्वास’चे वाचन अद्याप व्हावयाचे आहे.