पारलिंगी आत्मकथन आणि एलजीबीटीक्यू चळवळीचा इतिहास: ए. रेवती यांच्या पुस्तकाचे वाचन

भारतातील एलजीबीटीक्यू चळवळीचा इतिहास आपण बहुधा कलम ३७७ वरील २००९, २०१३ आणि २०१८ च्या निकालांमधून शिकतो. या मांडणीत पारलिंगी व्यक्ती २०१४ च्या ‘नालसा’ निकालापुरत्या येतात. ही मांडणी अपुरी का आहे, हे ए. रेवती यांच्या आत्मकथनातून समजते.

तमिळमध्ये लिहिलेले हे आत्मकथन व्ही. गीता यांच्या इंग्रजी अनुवादातून २०१० मध्ये ‘द ट्रुथ अबाउट मी’ या नावाने प्रसिद्ध झाले. नामक्कल जिल्ह्यातील खेड्यात मुलगा म्हणून वाढलेल्या रेवती घर सोडून दिल्ली-मुंबईच्या हिजडा समुदायात जातात. पुढे बंगळुरूच्या ‘संगमा’ या लैंगिक अल्पसंख्याकांच्या संस्थेत त्या कार्यकर्त्या होतात.

पुस्तकाची भाषा साधी आहे. तिला शैलीचा अभाव समजू नका. भावाची मारहाण आणि पोलिसांचा छळ रेवती एकाच सुरात सांगतात. त्यामुळे घरातली हिंसा ‘खासगी’ म्हणून वाचकाला बाजूला ठेवता येत नाही. गुरू-चेला परंपरेचेही त्या उदात्तीकरण करत नाहीत: तिथे आसरा मिळतो, तसा जाचही होतो.

समलिंगी व्यक्तींच्या अनेक आत्मकथनांत आपली ओळख इतरांना सांगण्याचा क्षण निर्णायक असतो. रेवतींना तो क्षण निवडता येत नाही. केस, साडी आणि चाल ती ओळख आधीच सांगतात. रस्त्यावरच्या पोलिसी जाचाला पारलिंगी व्यक्ती प्रथम सामोऱ्या गेल्या, त्या या दृश्यमानतेमुळे. याची मुळे जुनी आहेत. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यात हिजड्यांची नोंदवही ठेवण्याची तरतूद होती. १८८४ च्या अलाहाबादमधील खैराती खटल्यात स्त्रीवेश हा कलम ३७७ खालील संशयाचा एक आधार होता. आरोपीची अपिलात सुटका झाली. म्हणजे या कलमाच्या इतिहासात पारलिंगी व्यक्ती सुरुवातीपासूनच आहेत.

पुस्तकाची मर्यादाही नोंदवा. हा अनुभव हिजडा परंपरेतील पारलिंगी स्त्रीचा आहे. पारलिंगी पुरुषांचे जगणे त्यात फारसे येत नाही. रेवती यांच्या २०१६ च्या ‘अ लाइफ इन ट्रान्स अ‍ॅक्टिव्हिझम’ या पुस्तकात मात्र त्यांच्या जीवनकथांना जागा मिळाली आहे.

२०१८ चा निकाल अभ्यासताना हा प्रश्न सोबत ठेवा: खासगी संबंध गुन्हा उरला नाही, तरी भर रस्त्यात अडवल्या जाणाऱ्या रेवतींसारख्या व्यक्तीच्या जगण्यात नेमके काय बदलले?