मॅनहोलमधला माणूस : सुधारक ओलवे यांची छायाचित्रे

तारापूर औद्योगिक वसाहतीचे सांडपाणी जमिनीखालच्या वाहिनीतून नवापूरच्या समुद्रात जाते. मुरबे गावात राहणाऱ्या माझ्यासारख्याला ही वाहिनी ऐकून ठाऊक आहे, पाहून नाही. जे मुद्दाम जमिनीखाली घातले, त्याचा फोटो काढायचा म्हणजे नेमके काय दाखवायचे? या प्रश्नापाशी अडलो, तेव्हा सुधारक ओलवे यांनी मुंबई महापालिकेच्या सफाई कामगारांची काढलेली कृष्णधवल छायाचित्रे पुन्हा काढून पाहिली.

हा प्रश्न जुना आहे. 1860च्या दशकात नादार या फ्रेंच छायाचित्रकाराने पॅरिसची भूमिगत अस्थिगृहे आणि गटारे कृत्रिम प्रकाशात टिपली. एकेका फोटोला अठरा मिनिटांपर्यंत वेळ लागे. तेवढा वेळ जिवंत माणूस स्थिर राहणार नाही, म्हणून अस्थिगृहात त्याने कामगाराचे कपडे घातलेले पुतळे उभे केले. कमानी स्पष्ट आल्या. माणूस मात्र बाहुला झाला.

ओलवे यांनी नेमके उलट केले. त्यांच्या फोटोत भुयाराची भव्यता नाही. घाणीत उतरलेले शरीर आहे, उघडे हात आहेत आणि आपल्याकडे रोखलेली नजर आहे. कॅमेरा कामगाराबरोबर त्याच्या घरीही जातो. त्यामुळे तो ‘दृश्य’ उरत नाही, कुटुंबातला माणूस होतो. ही या छायाचित्रांची मोठी मिळकत आहे.

पण मला एक उणीवही जाणवते. चेहरा इतका जवळ आला की त्यामागची व्यवस्था चौकटीबाहेर राहते. त्याला आत उतरवणारा हुकूम कुणाचा, कंत्राट कुणाचे, आणि पिढ्यान्‌पिढ्या दलितांच्याच वाट्याला हे काम का, हे फोटो एकटा सांगू शकत नाही. पाहणारा हळहळतो आणि पान उलटतो.

ही दुसरी बाजू चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (2014) या चित्रपटात सापडते. तिथे मॅनहोलचे पोट दिसत नाही, मेलेला कामगारही जिवंत दिसत नाही. दिसतात त्या तारखा आणि साक्षी. झुरळे बाहेर आली तर आत हवा आहे, असे ओळखून तो उतरत असे, हे साक्षीतूनच कळते. संरक्षक साधनांचा अभाव तिथे आपोआप उघडा पडतो. ओलवे चेहरा देतात, ताम्हाणे यंत्रणा देतात. एकाशिवाय दुसरे अपुरे आहे.

हाताने मैला साफ करण्यास बंदी घालणारा कायदा 2013चा. ओलवे यांना पद्मश्री मिळाली 2016 साली. आणि 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाला गटारातील मृत्यूची भरपाई दहा लाखांवरून तीस लाख करावी लागली. म्हणजे मृत्यू थांबले नव्हते. हा छायाचित्रांचा पराभव मी मानत नाही. त्यांनी एक सबब मात्र कायमची काढून घेतली : ‘आम्हाला माहीत नव्हते’ असे आता कुणाला म्हणता येत नाही.

नवापूरच्या वाहिनीचे फोटो उद्या कुणी काढले, तर पाइपाशेजारी कोण उभे आहे, हे मी आधी पाहीन. मग विचारीन, त्याला तिथे कुणी उभे केले?