पाषाण झालेला पिता: ‘साँग ऑफ द सी’मधील लोकमिथक आणि बालकल्पना

टॉम मूर दिग्दर्शित ‘साँग ऑफ द सी’ (२०१४) या आयरिश अॅनिमेशनपटात मनोविकाराचा नामनिर्देश कोठेही नाही. पत्नी ब्रोना समुद्रात निघून गेल्यापासून दीपगृहाचा रखवालदार कॉनर विषादात गोठलेला आहे. धाकटी सीर्शा बोलत नाही. थोरला बेन आईने सांगितलेल्या कथांच्या आधारे या मौनाचा अर्थ लावतो.

त्या कथांपैकी एक मॅक लिर या राक्षसाची. त्याचा शोक असह्य होऊन त्याची आई माखा त्याच्या भावनाच काढून घेते आणि तो शिळारूप होतो; दीपगृहासमोरचे बेट म्हणजे तोच. कॉनर व मॅक लिर यांना एकच आवाज (ब्रेंडन ग्लीसन), आजी व माखा यांनाही एकच (फिनुला फ्लॅनगन). पित्याचा आजार बालकाला आकळत नाही, दगड झालेला राक्षस मात्र आकळतो. मुलांच्या भल्यासाठी म्हणून त्यांना डब्लिनला नेणारी आजी आणि भावना काचेच्या बरण्यांत कोंडणारी माखा यांच्यातील साम्य अधिक मार्मिक आहे. माखा खलनायिका नव्हे. वेदनाशमनाच्या हव्यासापायी ती स्वतःही अर्धी पाषाण झाली आहे. शुश्रूषेच्या नावाने होणाऱ्या बधिरीकरणाची इतकी सौम्य आणि तरीही कठोर चिकित्सा बालचित्रपटांत विरळाच.

सेल्कीच्या, म्हणजे सीलचे कातडे उतरवून मानवी रूप धारण करणाऱ्या स्त्रीच्या, पारंपरिक कथेत पती ते कातडे लपवतो तो स्वामित्वापोटी. येथे कॉनर मुलीचा अंगरखा पेटीत बंद करून समुद्रात टाकतो तो भयापोटी, आणि त्यामुळेच ती खंगत जाते. लोककथेतील हा पालट चित्रपटाचे खरे बलस्थान होय. उलट, सीर्शाच्या गीताने सारे पाषाण एका रात्रीत सजीव होतात, हे आजाराच्या दीर्घ, पुनरावर्ती गतीशी विसंगत वाटते. परीकथेच्या रूपबंधाची ती किंमत असेलही. पण पित्याचे सावरणे तरी थोडे रेंगाळायला हवे होते.

भारतीय अभ्यासकाला येथे ‘विक्रमोर्वशीय’ आठवणे स्वाभाविक आहे. तेथेही विरहाने उन्मत्त झालेला नायक आहे, आणि अपत्यदर्शन हीच वियोगाची अट आहे. सीर्शाच्या जन्मरात्रीच ब्रोना जाते; बेनचा बहिणीवरील राग त्यातूनच उपजतो. मात्र कालिदासाचा इंद्र अखेरीस अट शिथिल करतो व उर्वशी राहते. मूरच्या चित्रपटात ब्रोना परत जाते, आणि जाताना मुलीचा अंगरखा सोबत नेते.