देखणी दुर्दशा

मागच्या व्याख्यानानंतर एका तरुण श्रोत्यानं आम्हाला विचारलं होतं, "सर, कार्टूनवर तत्त्वज्ञानाचा माणूस काय बोलणार?" आम्ही म्हटलं, आधी पाहतो, मग बोलतो. तर पाहिलं. सत्तरी ओलांडल्यावर अशी चित्रं आवडावीत याचं थोडं आश्चर्यही वाटलं, म्हणून आजचा विषय हाच.

ईशान शुक्ला यांचा 'शिरकोआ: इन लाइज वी ट्रस्ट' हा चित्रपट २०२४ साली रॉटरडॅमच्या महोत्सवात दाखवला गेला. त्याआधी २०१६ मध्ये त्यांनी याच कल्पनेवर लघुपट केला होता. शिरकोआ नावाच्या शहरात प्रत्येकजण डोक्यावर कागदी पिशवी घालतो. हेतू चांगला आहे, माणसामाणसांतला भेद मिटावा. नायकाला नाव नाही, १९७ए हा क्रमांक आहे. पिशवीविना जगणाऱ्या एका प्रदेशाची कुजबुज सुरू होते आणि सगळी व्यवस्था हलू लागते.

प्रश्न असा की, इतकं भीषण जग आपण आवडीनं का पाहतो? कांटनं १७९० मध्येच सांगून ठेवलंय की वादळ भव्य वाटतं, पण आपण सुरक्षित जागी असलो तर! आपल्याकडे अभिनवगुप्त म्हणेल, भयानक रस म्हणजे प्रत्यक्ष भीती नव्हे, ते भीतीचं साधारणीकरण आहे. आणि इथं ॲनिमेशनचा फायदा होतो. ओळखीचा नट पडद्यावर आला की आपण त्यालाच पाहत बसतो. चित्रातला माणूस कुणाचाच नसतो, म्हणून सगळ्यांचा होतो. पिशवीनं तर हे काम अक्षरशः केलंय.

पण आम्हाला दुसरं एक कारण जास्त खरं वाटतं. आपण अंधेरीत बसलोय, म्हणून इथलंच उदाहरण घेऊ. ३ जुलै २०१८ ला गोखले पुलाचा पादचारी भाग रुळांवर कोसळला, माणसं जखमी झाली. पुढे पूल पाडला. २०२४ मध्ये नव्या पुलाची एक बाजू उघडली, तर शेजारचा बर्फीवाला पूल तिच्या पातळीशी जुळेना! ही आपली दुर्दशा. हिच्यात निऑनचे दिवे नाहीत, पार्श्वसंगीत नाही, आणि मुख्य म्हणजे खलनायक नाही. शिरकोआत निदान एक सत्तामंडळ आहे, त्याचा आराखडा आहे. म्हणजे असे चित्रपट आपल्याला घाबरवतात असं वाटतं, पण खरं तर धीर देतात: वाईट का होईना, कुणीतरी हे सगळं चालवतंय. अंधेरी सबवेत पाणी भरतं तेव्हा हा धीरसुद्धा मिळत नाही.

मग हा चित्रपट नुसतीच पळवाट आहे का? नाही. त्याची पिशवी आपल्या ओळखीची आहे. उपनगरात भाड्यानं घर शोधताना पहिला प्रश्न काय येतो? "आडनाव काय?" ते सांगताना ज्याला क्षणभर थांबावं लागतं, त्यानं ही पिशवी घातलेली आहे. समता आणि सारखेपणा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पिशवीनं भेद मिटत नाही, दिसेनासा होतो, एवढंच. हे या चित्रपटानं नेमकं पकडलंय.

तो कमी पडतो तो पिशवीविना जगणाऱ्यांच्या प्रदेशात. तिथं रंगांची इतकी उधळण होते की चेहरे उघडे ठेवणाऱ्या माणसांनी एकमेकांशी कसं वागायचं, हा अवघड प्रश्न मागे पडतो. रसाची जागा सजावट घेते. 'अकिरा'नं १९८८ मध्ये २०१९चं टोकियो रंगवलं, ते साल आपण ओलांडलंसुद्धा. आज त्यातली लाल मोटारसायकल लोकांना आठवते, त्यातली अनाथ मुलं किती जणांना आठवतात?

म्हणून आमचं म्हणणं इतकंच. हे चित्रपट जरूर पाहा, त्यांचं देखणेपण मनापासून अनुभवा. पण घरी जाताना, पुढच्या वेळी आपण कुणाला आडनाव विचारू तेव्हा नेमकं काय विचारतोय, एवढं स्वतःला विचारा. आता तुमचे प्रश्न घेऊ.